मूकपटांतले काउबॉय आणि पश्चिमेची दंतकथा : साक्षीदार जिवंत असताना रचलेली गोष्ट

जुनेरीळ

गेले काही महिने मूकपटांच्या काळातले वेस्टर्न बघतोय आणि एक गोष्ट डोक्यातून जाईना म्हणून धागा काढतोय. आपण धरून चालतो की दंतकथा नंतर तयार होते, माणसं मरतात, पाहिलेले डोळे मिटतात आणि मग कुणीतरी रंगवून सांगतं. अमेरिकेच्या पश्चिमेचं तसं झालेलं नाही. तिथे गोष्ट रचली जात होती तेव्हा साक्षीदार जिवंत होते, आणि नुसते जिवंत नाही, रोजावर होते, कॅमेऱ्यासमोर उभे होते.

तारखा बघा म्हणजे कळेल. १८९० च्या जनगणनेनंतर सरकारी अहवालात म्हटलं गेलं की आता वस्तीची सलग सरहद्द अशी काही उरली नाही. त्याच वर्षी २९ डिसेंबरला साउथ डकोटात वूंडेड नी या जागी सैन्याने लाकोटा या मूळनिवासी (नेटिव्ह) लोकांची कत्तल केली, त्यात बायका-मुलंही होती. १८९३ मध्ये शिकागोच्या जागतिक प्रदर्शनाच्या वेळी फ्रेडरिक जॅक्सन टर्नर या इतिहासकाराने निबंध वाचला की अमेरिकन माणूस घडला तो या सरहद्दीवर, आणि त्याच मोसमात प्रदर्शनाच्या मैदानाला लागूनच बफेलो बिल या माजी स्काउटचा वाइल्ड वेस्ट शो, घोडे-बंदुकांचा मैदानी खेळ, भरगच्च चालला होता. १८९४ मध्ये त्याच शोमधले लाकोटा न्यू जर्सीत एडिसनच्या काळ्या डांबरी कागदाने मढवलेल्या स्टुडिओत जाऊन कॅमेऱ्यापुढे नाचले. वूंडेड नीला तोवर चार वर्षंसुद्धा झाली नव्हती!

दरोडेखोरांचंही तेच. डाल्टन टोळीने १८९२ मध्ये कॅन्ससातल्या कॉफीव्हिल गावात एकाच वेळी दोन बँका लुटायला घेतल्या, गावकऱ्यांनी गोळ्या घातल्या, दोन भाऊ तिथेच मेले, एमेट डाल्टन जबर जखमी होऊन वाचला आणि चौदा वर्षं तुरुंगात काढली. तोच एमेट १९१८ मध्ये पडद्यावर स्वतःचीच भूमिका करतोय. अल जेनिंग्ज हा दुसरा दरोडेखोर, तुरुंगातून सुटल्यावर १९०८ मध्ये ओक्लाहोमात बँक लुटण्याच्या एका पिक्चरमध्ये उतरला आणि त्याचं दिग्दर्शन कुणी केलं तर बिल टिल्घमनने, जो खरा मार्शल होता, आयुष्यभर असल्याच लोकांच्या मागे घोडा पळवलेला माणूस. चोर आणि पोलीस दोघे मिळून दरोडा रचतायत आणि कॅमेरा फिरतोय.

आता 'द ग्रेट ट्रेन रॉबरी' बघा, १९०३, एडविन पोर्टरचा, जेमतेम बारा मिनिटांचा. प्रवासी गाडीतून उतरवून रुळाशेजारी हात वर करून ओळीने उभे केलेत, एक जण पळायला लागतो, पाठीत गोळी लागते, तो पडतो आणि बाकीची ओळ हलतसुद्धा नाही. या दृश्यात क्लोजअप नाही, कॅमेरा लांबून नुसता बघत राहतो आणि म्हणूनच ते बातमीसारखं वाटतं. शूटिंग झालंय न्यू जर्सीत, न्यूयॉर्कच्या कुशीत. शेवटी जस्टस बार्न्स नावाचा नट मिशी-टोपीसकट थेट आपल्याकडे पिस्तूल रोखून गोळ्या झाडतो आणि एडिसन कंपनीने थिएटरवाल्यांना सांगून ठेवलेलं की हा तुकडा सुरुवातीला लावा नाहीतर शेवटी, तुमची मर्जी. म्हणजे त्या तुकड्याला कथेत जागाच नाही. तिथपासून पुढची सगळी पडद्यावरची पश्चिम त्या एका माणसाच्या नजरेत आहे असं मला वाटतं.

माझं म्हणणं एवढंच की हे पिक्चर खोटे म्हणून बाजूला सारू नका आणि खरे म्हणून मानूही नका. खोटी गोष्ट आणि खरा पुरावा एकाच फ्रेममध्ये आहेत. कथा मधोमध चालू असते, पुरावा कडेला उभा असतो. तुम्ही लोक काय म्हणता?

वेताळटेकडी

मस्त धागा. पण मला एक पटत नाही. लोक तिकीट काढून करमणुकीला जात होते, इतिहास शिकायला नव्हे. प्रत्येक समाज आपल्या मर्दुमकीच्या गोष्टी फुगवतोच, आपले पोवाडे घ्या, शाहीर काय गॅझेटियर वाचून गात नव्हता. मग एकट्या अमेरिकनांनाच जाब का विचारायचा? बारा मिनिटांच्या पिक्चरवर एवढा भार टाकणं मला जड वाटतं.

हिशेबनीस

वेताळटेकडी, करमणूक होती हे खरंच पण फुगवलं काय आणि गाळलं काय ते बघितलं की भार का टाकायचा ते कळतं.

भर रस्त्यात समोरासमोर उभं राहून कोण आधी पिस्तूल काढतो ते घ्या. असं खरोखर झाल्याचं ठळक उदाहरण म्हणजे १८६५ साली मिसुरीतल्या स्प्रिंगफील्डला वाइल्ड बिल हिकॉक आणि डेव्हिस टट, बाकी अशा घटना विरळा. गुरांच्या बाजारपेठा असलेल्या कॅन्ससातल्या पाच गावांचा हिशेब रॉबर्ट डिक्स्ट्रा या इतिहासकाराने मांडलाय, १८७० ते १८८५ मध्ये सगळ्या मिळून ४५ खून, म्हणजे गावागणिक वर्षाला एकसुद्धा सरासरी पडत नाही. का, तर गावात शिरलात की बंदूक जमा करायची असे नियमच होते. ॲरिझोनातल्या टूमस्टोनचा तो जगप्रसिद्ध गोळीबार, २६ ऑक्टोबर १८८१, तोच मुळी गावात हत्यार बाळगायला बंदी होती आणि कायद्याच्या बाजूचे अर्प बंधू समोरच्यांची हत्यारं काढून घ्यायला गेले यावरून पेटला. अर्ध्या मिनिटात खेळ खलास. पडद्यावर मात्र पिस्तूल म्हणजे स्वातंत्र्य झालं आणि पिस्तूल जमा करून घेणारा कारकून कुठेच दिसत नाही.

आणि काउबॉय कोण होता? महिना तीस-चाळीस डॉलरवर दुसऱ्याची गुरं हाकणारा मजूर. १८८३ मध्ये टेक्ससच्या पॅनहँडल भागात काउबॉयनी पगारासाठी संप केला होता! टेक्ससमधून उत्तरेला गुरं हाकत न्यायचा सगळा जमाना वीसेक वर्षांचा, मग काटेरी तार आली, रेल्वे आली, १८८६-८७ च्या हिवाळ्यात बर्फाने गुरं लाखोंनी मेली आणि संपलं. संपावर गेलेला काउबॉय एकाही मूकपटात मी पाहिलेला नाही. शाहीर राजाचं गातो तेव्हा निदान राजा कोण ते ठाऊक असतं, इथे गुराख्यालाच राजा केला आणि त्याचा मालक पडद्याबाहेर ठेवला.

चाफा

हिशेबनीस +१. मला नेटिव्ह कलाकारांबद्दल लिहायचंय कारण जुनेरीळ म्हणतात ती फ्रेमची कड म्हणजे हीच माणसं.

लिलियन सेंट सायर, पडद्यावरचं नाव प्रिन्सेस रेड विंग. नेब्रास्कातल्या विनेबागो रिझर्व्हेशनवर (मूळनिवाशांसाठी सरकारने राखलेल्या जमिनीवर) जन्मलेली हो-चंक जमातीची बाई. कार्लाइलच्या त्या बोर्डिंग शाळेत शिकली जिथे मुलांचे केस कापून त्यांची भाषा बंद करायचे. तिचा नवरा जेम्स यंग डिअर पॅथे कंपनीसाठी अमेरिकेत वेस्टर्न दिग्दर्शित करायचा. त्याचा १९१० चा 'व्हाइट फॉन्स डिव्होशन' आज उपलब्ध आहे. गोऱ्या माणसाची नेटिव्ह बायको, नवरा आपल्याला सोडून जाणार असं वाटून स्वतःला सुरा मारून घेते, पण ती वाचते, गैरसमज मिटतो आणि कुटुंब तिच्या माणसांत एकत्र राहतं. चार वर्षांनी, १९१४ मध्ये, सेसिल डेमिलच्या 'द स्क्वॉ मॅन'मध्ये रेड विंगच गोऱ्याच्या नेटिव्ह बायकोच्या भूमिकेत आहे, आणि तिथे ती शेवटी जीव देते, म्हणजे नवरा मोकळा. हॉलिवूडमध्ये चित्रित झालेला पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट म्हणून त्याचं नाव घेतात. नटी तीच, बाई जवळजवळ तीच, फक्त आता तिला जगू द्यायचं नाही असं ठरलंय. त्या चार वर्षांत धंदा मोठा झाला आणि गोष्ट सांगणारे हात बदलले, मला तरी यातच सगळं दिसतं. संताप येतो खरं सांगायचं तर.

आणि ही माणसं गप्प बसून होती असंही नाही. १९११ मध्ये पडद्यावर आम्हाला रानटी दाखवता, नेटिव्ह म्हणून गोऱ्यांना रंग फासून उभं करता अशा तक्रारी नेटिव्ह लोकांनी वॉशिंग्टनपर्यंत नेल्या होत्या. म्हणजे 'त्या काळात कुणाला कळत नव्हतं' ही सबब चालत नाही.

जुनेरीळ

चाफा, दंडवत. याच्यात जोड देतो. १९११-१२ च्या सुमारास ओक्लाहोमाच्या १०१ रँच या गुरांच्या मोठ्या मळ्याचा वाइल्ड वेस्ट शो हिवाळ्यात लॉस एंजेलिसजवळ मुक्कामी असायचा, तो पिक्चर कंपनीने घोडे, गुरं, काउबॉय आणि लाकोटा मंडळींसकट भाड्याने घेतला. सांता मोनिकाजवळच्या दरीत टॉमस इन्सचा स्टुडिओ उभा राहिला तो असा. 'द इन्व्हेडर्स', १९१२, बघाच. सुरुवातीला तह होतो, सह्या होतात, मग रेल्वेचे सर्व्हेवाले तह मोडून जमिनीत घुसतात आणि म्हणून युद्ध पेटतं. दोष कुणाचा हे पिक्चर स्पष्ट दाखवतो. सरदाराच्या भूमिकेत विल्यम ईगल शर्ट हा लाकोटा नट आहे, पण त्याच्या मुलीच्या भूमिकेत गोरी नटी.

आणि आता सगळ्यात जड वाटणारा प्रसंग. १९१३ मध्ये बफेलो बिलने पाइन रिज रिझर्व्हेशनवर जाऊन इंडियन युद्धांचा सिनेमा काढला, सैन्य मागवलं, निवृत्त जनरल माइल्सला बोलावलं आणि वूंडेड नीची कत्तल वूंडेड नीलाच पुन्हा उभी केली. तिथेच कबरी होत्या, तिथेच वाचलेली माणसं राहत होती आणि त्यांनी पुन्हा एकदा पडायचं होतं. चित्रपटाचे आज तुकडेच उरलेत. बफेलो बिलचं आधीपासूनच असं होतं, १८७६ च्या जुलैत नेब्रास्कात चायान लोकांशी चकमक झाली तेव्हा तो अंगावर स्टेजचा मखमली पोशाख घालून गेला, यलो हेअर नावाच्या योद्ध्याला मारलं, टाळूची कातडी काढली आणि त्याच वर्षी तोच प्रसंग नाटकात करून दाखवायला लागला. लढाईला जाताना तो प्रेक्षकांचा विचार करत होता. वेताळटेकडी, पोवाडा लढाईनंतर रचतात, इथे लढाईच पोशाख ठरवून लढली गेली, फरक मला इथे दिसतो.

वेताळटेकडी

हे वूंडेड नीचं माहीत नव्हतं. वाचून बसलोय नुसता. करमणूक हा शब्द मागे घेतो असं नाही पण त्याच्या आत काय काय होतं ते आता वेगळं दिसतंय. मूकपटांतला काउबॉय नट विल्यम हार्टबद्दल कुणीतरी लिहा ना, तो म्हणे सगळ्यात अस्सल होता?

जुनेरीळ

हार्टवर माझा जीव आहे त्यामुळे लांबेल. जन्म न्यूयॉर्क राज्यात १८६४ ला, रंगभूमीवर शेक्सपिअर वगैरे करून पन्नाशीच्या आसपास सिनेमात आला. धूळ खरी पाहिजे, कपडे खरे मळलेले पाहिजेत, चेहरा दगडासारखा. 'हेल्स हिंजेस', १९१६, बघताना काटा येतो. तो गावचा गुंड आहे, नवीन पाद्र्याला हाकलायला येतो आणि पाद्र्याच्या बहिणीला बघून बदलतो, इकडे पाद्री स्वतः दारू आणि बाईच्या नादी लागून बुडतो, चर्च जळतं आणि मग हार्ट एकटा सलूनमध्ये शिरून दिवे फोडून आग लावतो. अख्खं लाकडी गाव खरोखर पेटलेलं आहे, धुराच्या लोटातून माणसं सैरावैरा पळतायत आणि तो मधून चालत जातो.

पण अस्सलपणाचा मुद्दा मला उलटा वाटतो. टॉम मिक्स भडक शर्ट घालून टोनी घोड्यावरून उड्या मारायचा, तो तमाशा आहे हे पोरांनाही कळायचं. (त्याची प्रसिद्धी करणारे सांगायचे की तो क्युबात लढला, बोअर युद्धात लढला. प्रत्यक्षात पेनसिल्व्हेनियाचा, आणि सैन्यातून पळालेला.) हार्टची धूळ खरी म्हणून त्याची कथाही खरी वाटते. दंतकथा जास्त खोल रुजवली ती हार्टने असं माझं ठाम मत आहे.

'टंबलवीड्स', १९२५. ओक्लाहोमात १६ सप्टेंबर १८९३ ला चेरोकी आउटलेटची जमीन वस्तीला खुली केली, हजारो लोक रेषेवर उभे, तोफ उडाली की सुटायचं आणि जमिनीत खुंटी ठोकायची. ते दृश्य आजही अंगावर येतं, बग्ग्या, घोडे, सायकलीसुद्धा. गुरं कायमची बाहेर निघतात तेव्हा टेकडीवरून बघत हार्ट टोपी काढतो आणि म्हणतो की पोरांनो, पश्चिम संपली. दुःख खरं आहे त्याचं. पण आउटलेट हे नाव ज्यांच्यावरून पडलं त्या चेरोकी या मूळनिवासी लोकांसाठी कुणी टोपी काढत नाही. १९३९ मध्ये हा चित्रपट पुन्हा आला तेव्हा हार्टने सुरुवातीला समोर उभं राहून भाषण केलं, सत्तरी ओलांडलेली, आवाज कापतोय. मी तरी ते कोरड्या डोळ्यांनी बघू शकत नाही, आणि तरीही वरचं म्हणणं सोडत नाही.

अजून एक. वायट अर्प, तोच टूमस्टोनचा, म्हातारपणी लॉस एंजेलिसला राहायचा आणि हार्टला पत्रं लिहायचा की माझी गोष्ट तू पडद्यावर आण म्हणजे लोकांना खोटं सांगितलंय ते धुऊन निघेल. १९२९ च्या जानेवारीत तो गेला तेव्हा खांदा देणाऱ्यांत विल्यम हार्ट होता आणि टॉम मिक्सही. साक्षीदाराला स्वतःच्या आठवणीपेक्षा पडद्याचा भरवसा जास्त वाटत होता.

नाइल्सचाशेजारी

मी कॅलिफोर्नियात फ्रीमॉन्टला राहतो, इथे मराठी माणसं भरपूर आहेत आणि बहुतेकांना माहीत नसतं की आपल्याच गावातलं नाइल्स हे एकेकाळी काउबॉय पिक्चरचं कारखान्यासारखं ठिकाण होतं. एस्सने कंपनीचा स्टुडिओ इथे होता, ब्राँको बिली अँडरसन इथे धडाधड एक-दोन रिळांचे पिक्चर काढायचा. पहिला खराखुरा काउबॉय स्टार तोच, मूळ नाव मॅक्स ॲरनसन, आर्कान्सासचा ज्यू मुलगा, 'ग्रेट ट्रेन रॉबरी'त त्याने दोन-तीन छोट्या भूमिका केल्यात. १९१३ चं एडिसन थिएटर अजून उभं आहे, तिथे मूकपटांचं म्युझियम आहे आणि शनिवारी रात्री पियानोवर साथ देत मूकपट दाखवतात. लाकडी खुर्च्या, मागे प्रोजेक्टरची खडखड, आणि वाजवणाऱ्याची नजर पडद्यावरून हलत नाही, घोडा थबकला की हात थबकतो. बे एरियात असाल तर नक्की जा, मुलांना न्या.

पण मला रेल्वेबद्दल सांगायचंय. नाइल्सच्या दरीतून १८६९ मध्ये जी लाइन गेली ती चिनी मजुरांनी बांधली. सेंट्रल पॅसिफिक रेल्वेत ऐन भरात दहापैकी आठ-नऊ कामगार चिनी होते, सिएरा पर्वताच्या ग्रॅनाइटमधून बोगदे त्यांनी काढले, १८६७ च्या जूनमध्ये समान पगारासाठी संप केला तर कंपनीने वर रेशन पाठवणं बंद करून तो मोडला. जॉन फोर्डच्या 'द आयर्न हॉर्स'मध्ये, १९२४, हीच रेल्वे आहे, पण जीव आहे तो गोऱ्या नायकात आणि आयरिश मजुरांच्या गमतीजमतीत, चिनी मागे काम करताना दिसतात. शेवटी दोन इंजिनं समोरासमोर येतात तेव्हा पाटी येते की ही तीच मूळची इंजिनं. ती दोन्ही केव्हाच भंगारात गेली होती. वेताळटेकडी, 'हे खरं आहे' असा शिक्का मारून विकणं ते हेच.

आणि हा काळ आपल्याशी जोडलेला आहे बरं. चिनी मजुरांना देशात यायला बंदी घालणारा कायदा १८८२ पासून लागू होता. १९२३ मध्ये, 'द कव्हर्ड वॅगन'मध्ये गोरे लोक बैलगाड्यांचे तांडे घेऊन पश्चिमेला जाताना सगळा देश बघत होता त्याच वर्षी, सुप्रीम कोर्टाने भगतसिंग थिंद खटल्यात निकाल दिला की भारतीयांना नागरिकत्व मिळू शकत नाही. थिंद अमेरिकन सैन्यात होते तरी. कॅलिफोर्नियात शेती करणाऱ्या पंजाब्यांना जमीन नावावर ठेवता येईना. पश्चिम कुणाची हे पडदा आणि कोर्ट एकाच सुरात सांगत होते.

हिशेबनीस

थिंदचा संदर्भ फार मोलाचा. त्यात कृष्णवर्णीय काउबॉय पण घाला. दर चारांमागे एक काउबॉय काळा असावा असा इतिहासकारांचा अंदाज आहे. १०१ रँचचा बिल पिकेट, धावत्या घोड्यावरून बैलाच्या शिंगांवर झेप घेऊन त्याला लोळवायचा, आज रोडिओत चालतो तो प्रकार त्याच्याच नावावर आहे. मोठ्या स्टुडिओंनी त्याला नायक केलं नाही. फ्लोरिडातल्या नॉर्मन कंपनीने केलं, 'द बुल-डॉगर'मध्ये, आणि मग 'द क्रिम्सन स्कल'मध्येही घेतलं, तोही ओक्लाहोमातल्या बोली या काळ्या लोकांनी वसवलेल्या गावात जाऊन. काळ्या प्रेक्षकांच्या थिएटरांत चालले. 'बुल-डॉगर'चे थोडेच तुकडे उरलेत, मला त्याचं फार वाईट वाटतं.

चाफा

उरलेत-गेलेत यावर. लायब्ररी ऑफ काँग्रेसने २०१३ मध्ये अभ्यास छापला होता, अमेरिकेत १९१२ ते १९२९ मध्ये जवळपास ११,००० पूर्ण लांबीचे मूकपट निघाले, त्यातले फक्त १४ टक्के मूळ स्वरूपात पूर्ण उरलेत. नायट्रेट फिल्म, पेट घेते. १९३७ मध्ये न्यू जर्सीत फॉक्सचं गोदाम जळालं त्यात टॉम मिक्सचे कितीतरी गेले. काही भलतीकडे सापडले, न्यूझीलंडमध्ये बरेच, कारण वितरणाचं ते शेवटचं टोक होतं आणि रिळं परत पाठवायचा खर्च कुणी करेना. आपल्याकडेही मूकपट तेराशेच्या वर निघाले आणि पुण्याच्या संग्रहात हाताच्या बोटांवर मोजावेत इतकेच पूर्ण आहेत, म्हणून हे दुखणं आपल्याला नवं नाही.

सापडलेल्यांत माझा सगळ्यात लाडका 'द डॉटर ऑफ डॉन', १९२०. ओक्लाहोमातल्या विचिटा डोंगरात काढलेला, सगळे कलाकार कायोवा आणि कोमांची, तीनशेच्या आसपास माणसं. कपडे, घोडे, तंबू त्यांनी घरून आणलेले. हे रिझर्व्हेशनचे दिवस होते, पारंपरिक गोष्टींवर सरकारी दडपण होतं, आणि या लोकांनी पेट्यांतून आजी-आजोबांच्या वस्तू बाहेर काढून अंगावर चढवल्या. क्वाना पार्कर या कोमांची सरदाराची मुलगी वनाडा आणि मुलगा व्हाइट दोघंही यात आहेत. कथा साधी प्रेमाची आहे, दिग्दर्शक गोरा आहे, पण नाचाच्या सीनमध्ये बघा, मागच्या रांगेतली म्हातारी माणसं कॅमेऱ्याकडे बघतच नाहीत, ती आपली नाचतायत. अनेक दशकं हा हरवलेला होता, मग एका खाजगी गुप्तहेराकडे कामाच्या मोबदल्यात आलेला निघाला आणि ओक्लाहोमा हिस्टॉरिकल सोसायटीने सोडवून घेतला. नव्या प्रतीला संगीत डेव्हिड येगली या कोमांची संगीतकाराने दिलंय.

वेताळटेकडी

वाचनखूण साठवली. मला क्रम सांगा कुणीतरी, कुठून सुरुवात करू?

जुनेरीळ

आधी 'ग्रेट ट्रेन रॉबरी', मग चाफा म्हणाली तो 'व्हाइट फॉन', दोन्ही मिळून अर्धा तासही लागत नाही. मग 'इन्व्हेडर्स', 'हेल्स हिंजेस', मग 'टंबलवीड्स' त्या १९३९ च्या भाषणासकट आणि लगेच पाठोपाठ 'डॉटर ऑफ डॉन', हे दोन शेजारी ठेवूनच बघा. एक सांभाळा, यूट्यूबवर बऱ्याच प्रती चुकीच्या वेगाने चढवलेल्या असतात, माणसं टुणटुण पळताना दिसली की ती प्रत बंद करा आणि आर्काइव्हने दिलेली शोधा, मूळ चाल शांत असते. आणि एखादा चित्रपट दुसऱ्यांदा बघाल तेव्हा नायकावरून नजर काढून मागच्या माणसांकडे बघा.

वेताळटेकडी

ठीक, आज जेवणं झाली की पहिले दोन लावतोय. मुलगी पण बसेल म्हणतेय. 'इन्व्हेडर्स'ची चांगली प्रत कुणाकडे असेल तर इथेच लिहा.